निवृत्त साहेबांचं ओळखपत्र

नोकरीतली कितीतरी प्रकरणं डोक्यातून पुसली गेली, पण कबनूरच्या चहागाड्यावर बसणारा तो माणूस अजून जसाच्या तसा डोळ्यांसमोर येतो.

तेव्हा मी इचलकरंजी भागातल्या एका पोलीस ठाण्याचा प्रभारी होतो. सकाळची हजेरी उरकत होती, तेवढ्यात यंत्रमागांच्या शेडसमोर चहाचा गाडा लावणारे एक चाचा आले. एरवी ठाण्याची पायरी न चढणारा माणूस. दार लोटून घेत म्हणाले, "साहेब, एक पावणं रोज पाळी सुटायच्या वक्ताला गाड्यावर येतंय. कुणासंगं बोलत न्हाय. नजर सगळी शेडच्या गेटावर. काल कप ठेवायला वाकलं, तर शर्टाखाली कमरेला पिस्तूल हाय की!"

"नक्की बघितलंत?"

"व्हय. न्हायतर कशाला आलो असतो हितं?"

दुपारी दोन अंमलदारांना घेऊन साध्या वेशात गेलो. माणूस बाकड्यावरच होता. पन्नाशी उलटलेली, केस बारीक कापलेले, पायात पोलिसाचे असतात तसे तांबडे बूट. मी जवळ जाताच त्यानं शांतपणे खिशातून ओळखपत्र काढलं. मराठवाड्यातल्या एका जिल्ह्याचे निवृत्त पोलीस निरीक्षक. माझे अंमलदार ताठ उभे राहिले. एक तर "सर, माफ करा" म्हणूनही मोकळा झाला. मी त्या माणसाच्या कमरेचं रिव्हॉल्व्हर काढून घेतलं. ते भरलेलं होतं.

ठाण्यात आणून परवाना मागितला.

"निवृत्त अधिकाऱ्याला परवाना कशाला लागतो?" तो म्हणाला. "आम्ही आत टाकलेले लोक आज मोकळे फिरतात. जिवाला धोका आहे. हे कार्ड पुरेसं आहे."

इथेच माझ्या मनात पाल चुकचुकली. निवृत्तीच्या वेळी सरकारी हत्यार जमा करावं लागतं. ओळखपत्र मिळतं ते पूर्वी नोकरीत होता एवढं सांगायला. स्वतःचं हत्यार बाळगायचं तर इतर नागरिकांसारखाच परवाना काढायचा. धोका आहे म्हणून तो मिळूही शकतो, पण कार्ड म्हणजे परवाना नव्हे. उभी हयात खात्यात घालवलेल्या माणसाला हे सांगावं लागत नाही.

मी प्रशिक्षण, बदल्या, वरिष्ठ यांबद्दल विचारलं. उत्तरं पाठ केल्यासारखी भराभर आली. मग सहज विचारलं, "एवढ्या बदल्यांत मुलांच्या शाळेचे हाल झाले असतील?"

तो थांबला. "मला मूलबाळ नाही," म्हणाला आणि नजर भिंतीकडे वळवली.

गुन्हेगार खोटं बोलताना चाचरतो, तसं हे नव्हतं. त्या एका वाक्यात संताप होता.

मी त्याच्या जिल्ह्यात फोन लावला. पलीकडून उत्तर आलं, "सर, ते साहेब गेल्या वर्षीच वारले." त्यांच्या पत्नीचा नंबर घेऊन मी लगेच बोललो. नवऱ्याचं ओळखपत्र कुठे आहे, असं विचारताच बाई कपाटाकडे गेल्या. परत आल्या तेव्हा आवाज बदलला होता.

"कार्ड नाही, साहेब. यांचं परवान्याचं रिव्हॉल्व्हरही नाही. हे गेल्यावर जमा करायचं राहून गेलं होतं... भावजी तिथं आहेत का? त्यांची मुलगी लग्न करून तिकडंच आलीय. पाया पडते, आधी तिला बघा."

म्हणजे हा साहेबांचा धाकटा भाऊ. चेहरेपट्टी तीच, त्यामुळे फोटो खपून जात होता. मुलीनं घरच्यांच्या विरोधात लग्न केलं होतं आणि ती नवऱ्याबरोबर त्याच शेडमध्ये कामाला होती.

महिला अंमलदार पाठवून दोघांना ठाण्यात आणलं. बापाला पाहताच मुलगी नवऱ्याच्या पुढे येऊन उभी राहिली.

"मी फक्त बघायला आलो होतो तिला," तो म्हणाला.

"भरलेलं रिव्हॉल्व्हर घेऊन?" मी विचारलं. विनापरवाना शस्त्र आणि तोतयेगिरीचा गुन्हा दाखल झाला, पुढे शिक्षाही झाली. त्यानं गोळी झाडली असती का, हे मात्र मला आजही सांगता येणार नाही.

जबाब संपल्यावर मुलीनं विचारलं, "साहेब, आम्ही गाव, फोन, सगळं बदललं होतं. मग यांना आमचा पत्ता दिला कुणी?"

मी तोच प्रश्न बापाला केला. त्यानं मान न उचलता कोपऱ्यातल्या माझ्या हवालदाराकडे बोट दाखवलं.

हवालदार पांढराफटक पडला. "निवृत्त साहेब आहेत म्हणाले, सर. पुतणीला शोधतोय म्हणाले. कार्ड बघितलं आणि शेडवाल्यांना विचारून दिला पत्ता. साहेबांना नाही कसं म्हणायचं?"

रिव्हॉल्व्हर दिसलं म्हणून एका चहावाल्याला संशय आला. ओळखपत्र दिसलं तेव्हा आमच्या ठाण्यात कुणालाच आला नाही. खात्यातल्या माणसावर संशय घेणं आम्हाला उद्धटपणा वाटतो, आणि त्या वाटण्यापायी एक पोर कदाचित जिवाला मुकली असती.

आता माझ्याही खिशात तसंच कार्ड असतं. कामानिमित्त एखाद्या ठाण्यात गेलो की अंमलदार ते बघून खुर्ची पुढे करतो. मी सांगतो, आधी फोन लावून खात्री करा. काहीजण हसतात, काहींना वाटतं म्हातारा चक्रम आहे. त्यांचा फोन होईपर्यंत मी उभाच राहतो.