नेहमीचा पंच

आमच्या स्टो दुरुस्तीच्या दुकानात एकच खोट होती. ते पनवेलच्या बाजारात एका पोलीस चौकीच्या बरोबर समोर होतं. कुठे चोरी झाली, दारू पकडली, की हवालदार रस्ता ओलांडून यायचा आणि माझ्या नवऱ्याला म्हणायचा, "शेट, जरा पंच म्हणून या." नवरा हात पुसून जायचा आणि सही करून चहा पिऊन परत यायचा. पंचनाम्यातली जागा कधी उरणची असायची, कधी तळोज्याची. नवरा मात्र चौकीच्या पुढे गेलेला नसायचा.

एका वर्षी कळंबोलीकडच्या वीटभट्टीवर मुकादमाचा खून झाला. भट्टीवरच्या एका कातकऱ्याला पकडलं, कारण आदल्या दिवशी त्याचं मुकादमाशी भांडण झालं होतं. त्या मुकादमाशी सगळ्यांचंच भांडण व्हायचं, पण पोलिसांना एक माणूस पुरे होता.

त्याला आणलं तेव्हा मी दुकानात होते. कातकरी माणूस कोयत्याशिवाय घराबाहेर पडत नाही. कमरेला मागच्या बाजूला लाकडी आकडीत तो अडकवलेला असतो. पोलिसांनी घाईघाईत त्याचे हात बांधले होते आणि कोयता कमरेलाच राहिला होता. चौकीच्या पायरीवर हवालदाराच्या ते ध्यानात आलं. त्याने कोयता उपसला, इकडेतिकडे पाहिलं आणि आत नेला. मी हातातल्या स्टोला पिन मारत सगळं पाहत होते.

पुढे नवऱ्याने ज्या पंचनाम्यावर सही केली त्यात होतं, की आरोपीने भट्टीमागच्या करवंदीच्या जाळीत लपवलेला कोयता पंचांसमक्ष स्वतः काढून दिला.

"अहो, कोयता त्याच्या कमरेला होता. मी या डोळ्यांनी पाहिलाय."

"तशी लिहायची पद्धत असते," नवरा म्हणाला. "झुडूप लागतंच."

माझं डोकं फिरलं. "तुमच्या झुडपापायी माणूस जन्माचा आत जाईल!"

"ते कोर्ट बघेल ना."

मी तडक त्या कातकऱ्याला सरकारने दिलेल्या वकिलाकडे गेले. त्यांनी सगळं नीट ऐकून घेतलं. म्हणाले, "बाई, तुमचे यजमान सरकारपक्षाचे साक्षीदार. घरातलं भांडण कोर्टात कशाला आणता?" मग त्यांच्या घरचा स्टो फार भडकतो, तो कधी पाठवू, असं विचारलं.

खटला अलिबागला चालला. नवऱ्याने झुडूप, कोयता, सगळं पाठ केल्यासारखं सांगितलं आणि येताना पांढऱ्या कांद्यांची माळ आणली. पुढे कातकऱ्याला जन्मठेप झाली. ती माळ मी खुंटीवरच सडू दिली. घरात वास सुटला, नवरा कुरकुरला, तरी मी हात लावला नाही. कातकऱ्याची बायको बाजारात आली की आमच्या पायरीशी थांबायची. "बाई, माजा घो कदी येल?" मला तिच्याकडे बघवत नसे. मग ती दुसऱ्या कुठल्या भट्टीवर गेली आणि दिसेनाशी झाली.

काही वर्षांनी वरच्या कोर्टाने त्याला सोडलं. कोयत्याला सील नव्हतं, आणि पंच म्हणजे चौकीसमोरचा नेहमीचा माणूस, त्याच्यावर विसंबता येत नाही, असं निकालात म्हटलं होतं. हे कळल्यावर नवरा दोनचार गिऱ्हाइकांना म्हणाला, "कोर्टसुद्धा ओळखतं आपल्याला." मुकादमाला खरोखर कोणी मारलं, हे पुन्हा कोणी शोधलं नाही.

सुटल्यावर तो माणूस दुकानात आला. बराच वाळला होता. कमरेला आकडी होती, रिकामी.

"शेट, माजा कोयता कुटं हाय? चौकीत म्हनतात, आमाला माहीत नाय. कोयत्याबिगर काम कुटं मिळंल? तुमीच सांगितलं ना कोर्टात, तुमच्यासमोर घेतला म्हनून."

नवऱ्याने बर्नर खाली ठेवला. माझ्याकडे पाहिलं. मी काही मदत केली नाही.

"अरे बाबा," तो शेवटी म्हणाला, "मी तिथं नव्हतोच."

त्या माणसाने मान हलवली. आवाजसुद्धा चढवला नाही.

"मी पन नवतो, शेट," तो म्हणाला.