देवाचा टोप आणि राक्षसाचा पाय

कल्याणात माझ्या वयाचे जे दोन-चार लोक उरले आहेत, ते अजून सांगतात की आमच्या नाटक कंपनीतल्या राक्षसाने एकदा भर खेळात देवाच्या टोपाला लाथ मारली. ऐकणारे हसतात, एखादा कानाला हात लावतो. त्या खेळात देव मी होतो. टोपाचे नेमके काय झाले हे माझ्याइतके जवळून कोणी पाहिलेले नाही, आणि मी ते आजवर लिहिलेले नाही.

राणीच्या राज्यातली गोष्ट. कल्याणच्या रेल्वे शेडमधले गोरे साहेब संध्याकाळी मैदानात फुटबॉल खेळत. त्यांनी ठाण्याकडचा एक ख्रिस्ती तरुण हेरला आणि शेडमध्ये खलाशी म्हणून, म्हणजे पडेल त्या कामाचा मजूर म्हणून, लावून घेतला. कामाला तो नावापुरता. पगार चेंडू मारण्याचाच. साहेब बूट घालून खेळत, हा अनवाणी. चेंडू कुठूनही येवो, त्याच्या पावलावर पाळीव मांजरासारखा येऊन बसे. शेडमधली झाडून सगळी माणसे त्याला पाहायला जमत. मग एका सामन्यात कोणाचा तरी बूट त्याच्या गुडघ्यावर बसला. पळणे संपले, तशी साहेबांना त्याची गरजही संपली.

आमची कंपनी जुन्या वळणाची, पौराणिक खेळ करणारी. आमचा राक्षस नुकताच दुसऱ्या कंपनीने पळवला होता. हा उंच, लंगडणारा गडी रस्त्याच्या पलीकडच्या कोणाला तरी हाक मारत होता, ती मालकांनी ऐकली आणि त्याला बिऱ्हाडी घेऊनच आले. एक खेळ करून दाखव, जमले तर ठेवतो, नाही तर आपल्या वाटेने जा, असे ठरले. घरी म्हातारी आई, गुडघा असा. त्याला दुसरी वाट नव्हती.

आवाज असा की तालमीत डरकाळी फोडली की शेजारची म्हैस दावे तोडू पाही. अडचण हातांची होती. मैदानात चेंडूला हात लागला की साहेब शिट्टी फुंकत, त्यामुळे काही अंगावर आले की हात मागे घ्यायचे, हे त्याच्या हाडात मुरलेले. मी म्हणायचो, "अरे, राक्षस आहेस की देवळापुढचा भाविक?"

"देवा, हात तुमी हलवा," तो म्हणायचा. "मी मरायचं काम करतो."

कंपनीत मला सगळेच देवा म्हणत, पण तो म्हणाला की लोक हसत. ते मला खुपे.

खेळ रविवारी दुपारी ठेवला, शेडवाल्यांना यायला जमावे म्हणून. मांडव भरला. रिवाजाप्रमाणे आधी टोपाची पूजा झाली, नारळ फुटला. टोप कागदाच्या लगद्याचा, वर बेगड. पण पूजा झाली की तो देवाचा. कपडेपट सांभाळणाऱ्याने मला हनुवटीखालची दोरी बांधायला बजावले. ती गळ्याला काचे, तान घेताना आवाज दबे. मी बांधली नाही.

युद्धात मी गर्रकन वळलो आणि टोप उडाला. मांडव दुपारीही आतून अंधारा, म्हणून पुढे रॉकेलच्या दिव्यांची ओळ, तिच्यापलीकडे लोक. राक्षस तिथेच उभा होता. सवयीने त्याचे हात मागे गेले आणि पाय पुढे आला. टोप पावलावर अलगद बसला, तिथून वर उडाला, आणि मग कुठे त्याने तो हातांत झेलला. कपाळाला लावला, माझ्या डोक्यावर ठेवला, आणि ठरल्याप्रमाणे मरून पडला.

शेडवाल्यांनी मांडव डोक्यावर घेतला. पुढच्या रांगेतली वडीलधारी मंडळी मात्र उठून उभी राहिली. देवाच्या टोपाला पाय, तोही ख्रिस्त्याचा. पडदा पडताच मालकांनी मला विचारले, कारण सगळ्यांत जवळ मी होतो. दोरीचे सांगितले असते, तर पूजेच्या टोपाची हेळसांड माझ्या माथी आली असती. मी म्हणालो, "त्याचा पाय लागला आणि टोप उडाला."

त्याने माझ्याकडे पाहिले. तोंडाचा काळा रंग पुसून तो ठाण्याला निघून गेला.

पुढच्या रविवारी शेडवाले तिकिटाच्या टेबलापाशी येऊन विचारू लागले, आज तो आहे का? नाही म्हटले की परत फिरत. मालकांनी त्याची समजूत काढायला मलाच ठाण्याला धाडले.

नौपाड्याच्या पलीकडे त्याची वाडी. अंगणात बायकामुलांचा हशा चालला होता. डोक्यावर टोपली उपडी घालून तो देव झाला होता. माझ्यासारखी मान वेळावून तान घेत होता, आणि दर तानेला टोपली पडत होती. म्हणजे त्याला सगळे ठाऊक होते. मला पाहूनही थांबला नाही. तान पुरी केली, टोपली पाडली, मग बसायला घोंगडी टाकली.

मी म्हणालो की मालकांना खरे काय ते सांगतो. त्या क्षणी मी सांगणारही होतो.

"कशाला?" तो म्हणाला. "राक्षसानं लाथ मारली म्हणून लोक येतायत. टोप सैल होता म्हटलं तर कोण येल? तुमी फक्त दर खेळाला पाडा. आन नीट पाडा, माझ्या पायाशी."

राक्षस शेवटी टोप कपाळाला लावतो, म्हणजे शरणच येतो, असे सांगून मालकांनी वडीलधाऱ्यांना गप्प केले. माझी मात्र पंचाईत झाली. नकळत पडलेला टोप मुद्दाम पाडणे महाकठीण. कधी तो पाठीमागे जाई, कधी तबलजीच्या मांडीवर. पण टोप कुठेही गेला तरी हा दुखरा गुडघा वाकवून पाय बरोबर तिथे पोचवी. पुढे तो विनोदी कामे करू लागला, गावोगाव त्याच्या नावावर मांडव भरले. मला लोक त्याला टोप देणारा म्हणून ओळखत.

तो जाऊन बरीच वर्षे झाली. परवा त्याची नात मला बाजारात भेटली. आजोबांनी खरंच देवाला लाथ मारली होती का हो, असे तिने हळूच विचारले. कोणीतरी तिला त्यावरून टोचले होते. मी भाजीची पिशवी खाली ठेवली आणि दोरीपासून सगळे सांगितले. आता कुठली तिकिटे खपवायची राहिली होती?

ती हसू लागली. "पण पाडायचात कसा, ते दाखवा ना."

मी डोक्यावरची टोपी जरा सैल केली आणि गर्रकन मान फिरवली. टोपी भाजीवालीच्या वांग्यांत जाऊन पडली. पाय पुढे करणारे तिथे कोणी नव्हते.