कीस नव्हे, कीश

गिरिजा गेल्याचा फोन तिच्या मुलानं, शिवराजनं केला. मी नांदेडच्या घरी सकाळचा चहा गाळत होते. "मावशी, आई गेली," एवढंच तो म्हणाला. मी साडी बदलली आणि लातूरला निघाले. लोहा, अहमदपूर, चाकूर ही नेहमीची गावं खिडकीतून मागे जात होती आणि मला त्यांतलं एकही दिसत नव्हतं. आमच्या लिंगायतांत पुरतात. तिला बसतं करून, कपाळावर विभूती लावून, हारांनी सजवून ठेवलं होतं. माझ्या धाकट्या बहिणीला इतकं सजवलेलं मी तिच्या लग्नानंतर पहिल्यांदाच पाहत होते.

काही दिवसांनी शोकसभा झाली. मोठा फोटो, त्याला चंदनाचा हार आणि खाली ठळक अक्षरांत 'आमच्या घराची अन्नपूर्णा'. एकेक जण उठून बोलला. काकूंच्या हाताला काय चव होती, असं एकानं सांगितलं. त्यांच्या स्वयंपाकघरातून कोणी उपाशी गेलं नाही, असं दुसऱ्यानं. पहिल्या रांगेत तिचे यजमान नागनाथराव डोळे पुसत मान हलवत होते. मी शेवटपर्यंत बसून राहिले, कारण सभेतून उठून जाणं मला जमत नाही. पण त्या घराच्या स्वयंपाकघरात गिरिजानं तीसहून जास्त वर्षं पाऊल टाकलं नव्हतं, आणि तिथं बसलेल्या निम्म्या लोकांना ते ठाऊक होतं.

रेवती आणि अनिकेत, माझ्या नातवंडांनो, तुम्ही दोघं समुद्रापलीकडे आहात. त्या रात्री तुम्ही फोनवर गिरू आजीच्या आठवणी काढत होतात, तेव्हा रेवती म्हणाली, "ती स्वतः कधीच काही करायची नाही ना आजी, नुसते हुकूम सोडायची." तू प्रेमानंच म्हणालीस. एका बाजूला ती अन्नपूर्णा आणि दुसऱ्या बाजूला ही आयतोबा, अशा दोन खोट्या गिरिजा मागे उरलेल्या मला चालणार नाहीत. म्हणून हे लिहितेय, आणि माझ्या सवयीप्रमाणे क्रमानं लिहितेय.

आम्ही दोघी देगलूरच्या. वडिलांनी हौसेनं आम्हाला इंग्रजी शिकवलं. मी नांदेडला कॉलेजात इंग्रजी शिकवायला लागले आणि गिरिजाला लातूरच्या एका धान्याच्या आडतवाल्या घरात दिलं. लातूर तेव्हा नुकतंच जिल्हा झालं होतं. रोज नवं कार्यालय उघडत होतं आणि भाड्याच्या बंगल्यांवर नव्या पाट्या लागत होत्या. त्यात पाऊस नाही. विहिरी तळाला गेल्या होत्या, गल्लीत टँकर आला की बायका घागरी घेऊन धावायच्या. बाहेरून आलेल्या अधिकाऱ्यांत बोअर पाडण्याच्या कामावरचे एक इंजिनिअर होते, आणि त्यांची बायको होती पाँडिचेरीची. तिचं नाव मादलेन. लातूरकरांनी तिची मदालसाबाई करून टाकली आणि तीही त्या नावाला 'ओ' द्यायला लागली.

गिरिजाच्या सासऱ्यांना नव्या साहेबलोकांशी ओळख वाढवायची होती. घरात इंग्रजी बोलणारी एकच, ती म्हणजे धाकटी सून. त्यांनीच तिला मदालसाबाईंकडे धाडायला सुरुवात केली. एरवी त्या घरातली सून एकटी देवळात जात नसे. ही मात्र आठवड्यातून दोनदा रिक्षानं बंगल्यावर जायची. बोलता बोलता मदालसाबाईंनी तिला भट्टीतले पदार्थ शिकवले, आणि त्यांतली कीश गिरिजाच्या हातात बसली. कीश म्हणजे मैद्याची खुसखुशीत पारी ताटलीत बसवायची, आणि तिच्यात अंडी, दूध, साय आणि भाजी यांचं मिश्रण ओतून भाजायचं. खारी, मऊ, वर सोनेरी. मैद्यात लोणी गारच असताना बोटांच्या टोकांनी चोळायचं असतं, आणि लातूरच्या त्या उन्हात लोणी ताटात काढेपर्यंत पाझरायचं. गिरिजानं त्यावर उपाय काढला. ओल्या फडक्यात गुंडाळलेला गोळा ती माठाला टेकवून ठेवायची. रिकामी पारी भाजताना फुगू नये म्हणून मदालसाबाई तिच्यावर परदेशी वाल पसरत, हिनं घरच्या आडतीतले हरभरे पसरले. मदालसाबाई म्हणाल्या, माझ्या आईलासुद्धा अशी पारी जमली नाही. गिरिजानं हे मला नांदेडला येऊन सांगितलं, तेव्हा तिचा चेहरा शाळेत पहिली आल्यासारखा झाला होता.

आमच्या घरांत अंडं येत नव्हतं. मी तिला तेव्हाच विचारलं होतं की घरी कळलं तर काय करशील. ती म्हणाली, "अक्का, मी घरी कुठं फोडून राहिले? बंगल्यावर फोडते, बंगल्यावर भाजते, बंगल्यावरच हात धुते."

मग सासऱ्यांनी मदालसाबाईंना घरी चहाला बोलावलं. त्यांच्या पद्धतीचं काहीतरी करा, असा हुकूम निघाला. दिवस ठरला तो नेमका श्रावणी सोमवार, कारण त्या दिवशी आडत लवकर बंद होई. गिरिजानं नवऱ्याला स्पष्ट सांगितलं की त्या पदार्थात अंडी असतात. नागनाथराव म्हणाले, "कर की. पाहुण्याला घाल, आपल्याला कुठं खायचंय." हे वाक्य नीट लक्षात ठेवा, कारण पुढं त्यांना स्वतःला ते कधीच आठवलं नाही.

गिरिजानं बंगल्यावरच कीश भाजली. श्रावण म्हणून कांदा टाळला आणि बटाटा किसून घातला. डब्यातून घरी आणली तेव्हा थोरल्या जाऊबाईंनी विचारलं, काय आहे. ही म्हणाली, "कीश." आपल्याकडे 'श'चा 'स' किती सहज होतो ते तुम्हाला काय सांगू. जाऊबाईंना वाटलं, हिनं साध्या शब्दालाही साहेबी टोपी घातली. "बघा वो आत्याबाई," त्या सासूला म्हणाल्या, "बंगल्यावर जाऊन जाऊन हिचा कीससुदिक कीश झाला." दोघी हसल्या. गिरिजाही हसली. डब्यात काय आहे हे त्यांना कळलंय, असं ती धरून चालली.

मदालसाबाई आल्या, चहा झाला, कौतुक झालं. गिरिजा त्यांना गल्लीच्या तोंडापर्यंत पोचवायला गेली. घरात डब्यात दोन तुकडे उरले होते. सासूबाईंचा सोमवारचा उपास होता, सकाळपासून पोटात काही नव्हतं. जाऊबाईंनी डबा उघडला, आत किसलेला बटाटा दिसला आणि त्यांनी तो वाढला. खाली मैदा आहे हे सासूबाईंच्या बोटांना लगेच कळलं. मैदा उपासाला चालत नाही. त्या सोवळ्याच्या बाई होत्या. त्यांनी कड आणि तळ काळजीपूर्वक सोलून बाजूला ठेवला आणि वरचं सगळं, म्हणजे अंड्याचंच तेवढं, खाल्लं. आवडलं म्हणून दुसरा तुकडाही घेतला.

गिरिजा परत आली तेव्हा ताटात फक्त पारीचे तुकडे होते. तिला गप्प बसता आलं असतं. त्या घरात अंड्याची चव ओळखणारं कोणीच नव्हतं. पण सासूबाई आता उठणार होत्या, हात धुणार होत्या आणि गळ्यातलं लिंग हातात घेऊन संध्याकाळच्या पूजेला बसणार होत्या. गिरिजा त्यांच्याजवळ जाऊन म्हणाली, "आत्याबाई, थांबा. त्यात अंडं हाय."

सासूबाईंनी गळ्यातल्या लिंगावर पालथा हात ठेवला आणि तशाच बसून राहिल्या, असं तिनं मला सांगितलं. ओरडल्या नाहीत. ओरडले ते बाकीचे. मामंजी म्हणाले, हिनं मुद्दाम केलं. जाऊबाई म्हणाल्या, मला फसवून कीस म्हणून सांगितलं. मग नागनाथरावांना विचारलं गेलं, तुला माहीत होतं का. सगळे त्यांच्याकडे बघत होते, गिरिजाही बघत होती. ते म्हणाले, "मला काय ठावं? बायकांचं बायकांना."

स्वामींना बोलावणं गेलं. शुद्धी झाली. स्वयंपाकघर धुवायचं ठरलं. गिरिजानं तिथं अंडं फोडलंच नव्हतं, तरी धुवायचं ठरलं. हौदात साठवलेलं सगळं पाणी त्या फरशीवर ओतलं, ज्या पाण्यासाठी बायका टँकरपाशी भांडल्या होत्या. दुसऱ्या दिवशी टँकर आला नाही. लेकरं पाण्यासाठी रडायला लागली, आणि ते रडणंही गिरिजाच्याच नावावर चढलं. सासूबाईंनी एकच वाक्य सांगितलं: हिनं चुलीपाशी यायचं न्हाई. किती दिवस, ते कोणी विचारलं नाही. आणि ते वाक्य मागे घेण्याचंही कोणाला कधी सुचलं नाही.

आमचे वडील देगलूरहून गेले आणि माफी मागून परत आले. माफी नक्की कशाची, तेही त्यांनी विचारलं नाही. मी तिला नांदेडला आणायला गेले. शिवराज लहान होता आणि त्याला ते सोडणार नव्हते, म्हणून ती आली नाही. मदालसाबाईंना यातलं काही कळू दिलं नाही. वर्षाच्या आत इंजिनिअरांची बदली झाली.

गिरिजा त्या घरात धान्य निवडायची, पापड वाळवायची, शिवायची, मुलांचा अभ्यास घ्यायची. ताट तिला बाहेर वाढून मिळे. पोटच्या पोराला तिनं स्वतःच्या हातची भाकरी कधी घातली नाही. सासूबाई शेवटी अंथरुणाला खिळल्या तेव्हा त्यांचं सगळं हिनंच केलं. अंघोळ घालायला, कुशीवर वळवायला, घाण काढायला हिचे हात चालत होते. एका दुपारी म्हातारीनं हिचं मनगट धरलं आणि म्हणाली, "गिरिजा, तो कीस लई चांगला झाला व्हता गं." मी व्याकरण शिकवलेली बाई, मला त्या 'तो'मध्ये सगळं ऐकू येतं. कीश ती असते. म्हातारीच्या लेखी तो शेवटपर्यंत कीसच राहिला. गिरिजानं विचारलं, "मग करू का एकदा? नुसता बटाट्याचा?" म्हातारीनं विचार केला. "नगं," ती म्हणाली. "थोरली करंल."

हे सांगताना गिरिजा हसली होती. मला नाही हसता आलं.

सासूबाई गेल्यावर नागनाथराव तिला म्हणाले, आता तुला कोण अडवतंय. ती म्हणाली, "त्या दिवशी तुम्हाला बोलायला कुणी अडवलं व्हतं?" त्यांनी पेपर उघडला. त्यानंतर तिनं स्वतःहून कधी स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडला नाही. सून आली, तीही म्हणाली, आई, या ना आत. ही म्हणायची, "इथून दिसतंय मला."

शोकसभा संपल्यावर मी पाणी प्यायला त्या स्वयंपाकघरात गेले. फ्रिज उघडला. दाराच्या खणात अंडी ओळीनं मांडलेली होती. शिवराजची मुलगी कॉलेजात शिकणारी, मनमोकळी पोर. ती म्हणाली, "आजी, ऑम्लेट खाणार का? आमच्याकडे सगळे खातात." मी पाण्याची बाटली जागेवर ठेवली आणि दार लावलं. त्या पोरीला कोणी काही सांगितलंच नव्हतं. तिच्यावर काय रागवायचं... ज्यांच्यावर रागवायचं ते बाहेरच्या खोलीत लोकांचे नमस्कार घेत बसले होते.

आता तुमचं, मुलांनो. सुट्टीत तुम्ही नांदेडला यायचात आणि गिरिजाही यायची, तेव्हा तुम्हाला मिळायची ती 'गिरू आजीची कीश' माझ्या हातांनी केलेली असे. माझ्या घरात अंडं येतं, मीच आणलं. मी तिला हाताला धरून आत ओढलं, रागावले, एकदा रडलेही. ती दारापर्यंत यायची आणि तिथंच थांबायची. शेवटी मी तिच्यासाठी दाराबाहेर एक लाकडी स्टूल ठेवलं. त्यावर बसून ती सांगायची आणि मी करायची. लोणी अजून गार हवं. जायफळ एवढंच. आणि भट्टीचं दार मी उघडलं की लांबूनच मान वाकडी करून बघायची: "कड धरली, पण मधी हलून राहिलंय. ऱ्हाऊ दे." तिचा अंदाज चुकला नाही. तुम्ही खाऊन म्हणायचात, गिरू आजी, मस्त. ती आपल्या दोन्ही पंजांकडे बघायची. रेवती, ते हुकूम नव्हते.

परवा मी पुन्हा कीश केली. बरी झाली, मध्ये थोडी जास्त घट्ट. दुपारी कामाच्या शांताबाईंनी वरच्या फळीवरचा डबा काढायला ते स्टूल आत नेलं आणि काम झाल्यावर ओट्यापाशीच सोडून त्या निघून गेल्या. संध्याकाळी मी दिवा लावला तर ते आत होतं. ओट्याला अगदी लागून, कोणीतरी हात धुऊन कामाला बसावं तसं. मी खूप वेळ त्याच्याकडे बघत उभी राहिले. वाटलं, असू दे आता इथंच, कोण विचारणार आहे... पण ती आत आली नव्हती. तिला आत येऊ दिलं नव्हतं, आणि मग ती आली नाही. माझ्या घरानं तरी तिच्याबद्दल खोटं सांगू नये.

मी ते उचललं आणि दाराबाहेर होतं तिथं नेऊन ठेवलं.