रहीमभाईंच्या वहीतलं जोडपान

हे मी कोणाला सांगितलेलं नाही. बायकोला नाही, शेठजींना तर नाहीच. तुम्हाला का सांगतोय — मलाही नीट कळत नाही. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून जमत असेल कदाचित.

अकोल्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या शेठजींच्या डाळ मिलचा मी मॅनेजर होतो. माणूस तापट. शिस्तीचा म्हणून नाव होतं माझं — आज ऐकवत नाही ते. विजेच्या दरातल्या सवलतीवर आमची मिल तग धरून होती. अट एकच, ती वीज कारखान्यातच वापरायची. बाहेर एक दिवासुद्धा द्यायचा नाही. ही अट सगळ्यांना मीच दरडावून सांगायचो.

आणि मीच मोडली.

गेटबाहेर एक रसवंती होती. नाव दुसऱ्याचं, निम्मा हिस्सा माझा. हे घरीसुद्धा ठाऊक नव्हतं. अकोल्याचा उन्हाळा, गिऱ्हाइकांची ही गर्दी, अन् चरकाला वीज मिळेना. मी रहीमभाईंना म्हटलं, आपल्या पॅनलवरून रसवंतीला एक वायर काढून द्या, तिचं स्वतःचं मीटर येईपर्यंत. रहीमभाई म्हणजे आमचे वायरमन, मिल उभी राहिली तेव्हापासूनचे. त्यांनी काही विचारलं नाही. मिलमध्ये मला सगळे भाऊ म्हणायचे; भाऊंनी सांगितलं म्हणजे झालं.

त्यांची एक वही होती, पॅनलशेजारी सुतळीनं टांगलेली. कोणती वायर, कुठून कुठे, कोणी सांगितली — काम झालं की लगेच लिहायचे. एकदा एका मोटरीवरून माझ्याशी तावातावानं भांडले. वही काढली तर चूक त्यांचीच निघाली. तेव्हा कान पकडून हसले होते, "भाऊ, मी इसरतो, पण वही नाई इसरत." त्या वहीवर त्यांचा स्वतःपेक्षा जास्त विश्वास होता. हे मला माहीत होतं. हे लक्षात ठेवा.

मीटर काही आलं नाही. वायर मी काढायला लावली नाही. दोन उन्हाळे गेले, आणि मग वीज कंपनीचं भरारी पथक आलं. पंचनामा झाला, सवलत रद्द झाली. शेठजींनी अमरावतीला तक्रार मंचात दाद मागितली. वकील म्हणाले, वायर कोणी परस्पर दिली असेल, कारखान्याला पत्ताच नसेल, तर सवलत वाचू शकते. शेठजींनी माझ्याकडे पाहिलं. तेव्हा बोलायला काय झालं होतं मला? मी म्हणालो, "बघतो."

मिलसाठी केलं, शंभर माणसांच्या पोटासाठी केलं — असं पुष्कळ दिवस स्वतःला सांगत आलो. खोटं आहे. त्या वेळी मला फक्त माझी खुर्ची दिसत होती.

शुक्रवारी दुपारी रहीमभाई नमाजाला गेले. मी वही काढली. त्यात लिहिलं होतं, रसवंतीची वायर, भाऊंच्या सांगण्यावरून. पान फाडलं असतं तर कड राहिली असती. म्हणून मधल्या पिना उचकटल्या, अख्खं जोडपान काढून घेतलं, पिना अंगठ्यानं पुन्हा दाबून बसवल्या. जोडीच्या पानावर दुसरीच नोंद होती. पॅनल पेटलं, त्यांची दोन बोटं भाजली, तरी मिल बंद पडू दिली नाही, त्या दिवसाची. तीही गेली. चुलीत घातली मी दोन्ही.

सुनावणीत रहीमभाई ठामपणे म्हणाले, "भाऊनंच सांगतलं होतं. वहीत पाहा." वही मीच घेऊन गेलो होतो. त्यांनी पानं उलटली. पुन्हा उलटली. तिसऱ्यांदा बोट फिरवत एकेक ओळ पाहिली. मला वाटलं, आता हा माणूस माझ्याकडे पाहील. पाहिलंच नाही. वहीकडेच बघत हळूच म्हणाले, "मंग मीच देली असंन. याद नाई येऊन राह्यलं."

त्यांनी माझ्यावर संशय घेतला नाही हो. स्वतःवर घेतला.

सवलत परत मिळाली. शेठजींनी पेढे वाटले. रहीमभाईंना कामावरून काढावं लागलं. दुसऱ्या मिलवाल्यांनी बोलावलं तर गेले नाहीत. "माह्या डोक्याचा मालेच भरोसा नाई राह्यला," म्हणायचे. पुन्हा वायरीला हात लावला नाही त्यांनी. मी त्याच खुर्चीतून, हार घालून, रिटायर झालो.

गेल्या वर्षी मुलगा त्यांना मक्केला, उमऱ्याच्या यात्रेला घेऊन गेला. निघण्याआधी ते ओळखीपाळखीच्यांकडे जाऊन माफी मागत होते, तशी रीत आहे त्यांच्यात. माझ्याकडेही आले. बसायला सांगितलं तरी उभेच. हात जोडले. "भाऊ, त्या दिवशी साऱ्यायसमोर तुमचं नाव खोटं घेतलं मी. हे दिलात ठेवून कसा जाऊ? माफ करा."

घरात आम्ही दोघंच होतो. बायको देवळात गेली होती. सांगायला काय हरकत होती?

मी त्यांचे हात हातात घेतले. म्हणालो, "केलं माफ, रहीमभाई."

त्यांनी डोळे पुसले, चहा घेतला, आणि गेले. परत आले तेव्हा माझ्यासाठी आठवणीनं तिथले खजूर आणले होते.

मी ते खाल्ले.