घारबाईंचं भिंग

पाणीपुरवठा खात्याच्या नकाशा विभागात एक बाई होत्या. नळाच्या लायनींचे नकाशे तपासायचे आणि मगच सही करायची, हे त्यांचं काम. रेघ केसाएवढी जरी इकडची तिकडे झाली, तरी नकाशा आरेखकाकडे परत जाई. म्हणून सगळं खातं त्यांना घारबाई म्हणे आणि त्याही ते नाव मिरवत. पन्नाशीनंतर डोळ्यांपुढे धूसर दिसू लागलं, तेव्हा मात्र पंचाईत झाली. चष्मा लागला हे घारीलाही सांगता येतं. पण चष्मा लावूनही दिसत नाही, हे कोणत्या तोंडानं सांगायचं?

घरी एकदा चहात साखरेऐवजी मीठ पडलं. यजमान म्हणाले, "डोळे दाखवून ये."

"तुम्ही आधी जीभ दाखवून या," म्हणत बाईंनी विषय संपवला.

शेवटी धाकट्या बहिणीनं फोनवर युक्ती सांगितली. कॉम्प्युटरमध्येच एक भिंग असतं. ते चालू केलं की पडद्यावरचं अक्षर दुकानाच्या पाटीएवढं होतं. बाईंनी ते चालू केलं आणि त्यांचा जीव भांड्यात पडला. नकाशा आता तुकड्यातुकड्यानं दिसे, पण दिसे. खात्यात कुणाला ताकास तूर लागू द्यायची नाही, असं त्यांनी ठरवलं.

एकच गोष्ट त्यांच्या लक्षात आली नाही. त्यांची पाठ दाराकडे होती.

बहिणीला त्या रोज दुपारी ईमेल लिहीत. "आमच्या साहेबांनी केस काळे केलेत," एकदा त्यांनी लिहिलं, "आणि केसांबरोबर अर्धं कपाळही." मागे आवक-जावक कारकुनाला जोराचा ठसका लागला. बाईंनी मागे न वळताच त्याला पाणी प्यायला सांगितलं. हल्ली याला ठसके फार लागतात, असंही बहिणीला कळवलं. त्यावर त्याला पुन्हा ठसका लागला.

मग एके दिवशी खात्याचा कॉम्प्युटरवाला आला. मशीनं फार हळू चालतात अशी ओरड होती, म्हणून त्यानं प्रत्येक मशीनमधल्या बिनकामाच्या वाटणाऱ्या फायली उडवल्या. दुसऱ्या दिवशी बाईंनी भिंग चालू केलं, तर पडद्यावर एक चौकट आली. भिंग का उघडत नाही, याचं कारण तीत सविस्तर लिहिलेलं असावं. पण ते लिहिलं होतं मुंगीएवढ्या अक्षरात, आणि भिंगाशिवाय ते वाचता येत नव्हतं.

कुणाला हाक मारावी, तर बिंग फुटणार. बाईंनी चौकट बंद केली आणि नाक पडद्याला टेकवून काम रेटलं. त्याच आठवड्यात आरेखकानं एका नव्या लायनीच्या नकाशावर गल्ली १ ऐवजी गल्ली ९ लिहिलं. बाईंना ते एकच वाटलं. सही झाली.

नववी गल्ली खणली गेली. तिथले लोक कित्येक वर्षं अर्ज करून थकले होते. अखेर साहेबांना पाझर फुटला, असं समजून ते आभार मानायला आले. त्याच वेळी पहिल्या गल्लीचे लोक भांडायला आले. साहेब दोन्ही बाजूंना मान डोलावत राहिले.

गर्दी पांगल्यावर बाई साहेबांच्या खोलीत गेल्या. "साहेब, चूक आरेखकाची नाही. सही माझी आहे. मला नीट दिसत नाही."

"माहीत आहे," साहेब म्हणाले.

"कसं?"

"बाई, तुमचा पडदा जिन्यापर्यंत वाचता येतो. सगळं खातं वर्षभर डोळेझाक करतंय." मग त्यांनी कपाळावरून हात फिरवला. "रंग बदललाय आता मी."

बाईंना धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. साहेबांनी कॉम्प्युटरवाल्याला बोलावलं. त्यानं मशीन उघडून पाहिलं आणि म्हणाला, "ताई, तुमची लायब्ररीची फाईल गेलीय."

"मी कधी पुस्तक नेलंच नाही!"

"तसली लायब्ररी नाही हो. ही फाईल स्वतः काही दाखवत नाही. भिंगाला अक्षर मोठं करायला मागून मदत करते. इथे कुणाचे डोळे अधू नाहीत असं वाटलं, म्हणून मी उडवली."

"कुणाला विचारलंस?" साहेबांनी विचारलं.

"या बाईंनाच. त्या म्हणाल्या, मला डोळ्यांचं काही नाही."

फाईल परत बसली. डोळ्यांच्या डॉक्टरांनी मात्र स्पष्ट सांगितलं, की मधली नजर गेली ती परत यायची नाही, कडेची राहील. बाईंनी घरी येऊन ते सांगितलं. दुसऱ्या दिवसापासून चहा यजमानांनी करायला घेतला. त्यांना डबे दिसत होते, फक्त चहा येत नव्हता. बाई तो मुकाट्यानं पीत.

खात्यात बाईंनी खुर्ची फिरवून भिंतीला टेकवली. त्यांच्या सहीआधी आरेखक आता प्रत्येक आकडा मोठ्यानं वाचून दाखवतो. नववीचं पाणी सुरू झालं. पहिली गल्ली अजून अर्ज करते आहे. आणि साहेबांनी हुकूम काढला, की विचारल्याशिवाय एकही फाईल उडवायची नाही. कॉम्प्युटरवाला टेबलाटेबलाशी जाऊन विचारतो, "ही लागते का?" नाही म्हणायची कुणाची छाती होत नाही. त्यामुळे मशीनं पूर्वीपेक्षा हळू चालतात. सकाळी बटण दाबून लोक गप्पा मारत उभे राहतात, आणि तेवढ्या वेळात बाई डोळ्यांत औषधाचे थेंब घालून घेतात.