काचेवरचं वर्तुळ

वेधशाळेच्या तळघरात काचा पुसण्यात तिची एकोणतीस वर्षं गेली. तिला सगळे मावशीच म्हणत. संचालकसुद्धा, वयाने तिच्याहून मोठे असून. तळघरात लोखंडी कपाटं, कपाटांत जाड कागदाची पाकिटं, पाकिटांत काचेच्या प्लेटा. एकेका प्लेटेवर दुर्बिणीतून टिपलेला आकाशाचा एकेक तुकडा, पण उलटा: आकाश पांढरं आणि तारे काळे. मावशी म्हणायची, मी तारे आधी काळेच पाहिले, मान वर करायला सवड नंतर मिळाली.

पहिल्या दिवसाची फजिती ती स्वतःच रंगवून सांगे. कुणीतरी हातात फडकं दिलं आणि काचा पुसा म्हणाले. एका प्लेटेच्या मधोमध करडा डाग होता. पुसला, जाईना. चष्म्याला देतात तशी तोंडाची वाफ दिली, तरी जाईना. मग मावशीने पदर खोचला आणि रगडायला घेतला. शेजारच्या टेबलाशी डोळ्याला भिंग लावून ताऱ्यांच्या जागा मोजणाऱ्या बाई बसल्या होत्या, त्या किंचाळल्याच.

"अगं, अगं, काय करतेस! तो डाग नाही, दीर्घिका आहे ती. अब्जावधी सूर्यांची वस्ती. तुझ्या फडक्याने नाही जायची!"

नशीब, ती काचेची मागची बाजू रगडत होती. पुढची, चित्राचा थर असलेली, रगडली असती तर सूर्यांची वस्ती खरंच उठली असती. मावशीचं तोंड एवढंसं झालं. बाईंनी तिला खुर्ची दिली आणि सांगितलं, "वाईट वाटून घेऊ नकोस. मेसिए नावाचा एक धूमकेतू शोधणारा होता. त्यालाही असेच धुरकट ठिपके फसवायचे. धूमकेतू समजून बघत बसायचं, आणि ठिपका हलायचाच नाही. शेवटी वैतागून त्याने अशा ठिपक्यांची यादीच केली. यांच्या नादी लागू नका म्हणून! त्यातले कुणी तारकागुच्छ निघाले, कुणी तेजोमेघ, कुणी दीर्घिका. आज त्याचे धूमकेतू फारसे कुणाला आठवत नाहीत, यादी मात्र सगळ्यांना पाठ." मग त्यांनी कॅरोलिन हर्शेलचं सांगितलं. भावाच्या वेधांच्या नोंदी ठेवता ठेवता तिने स्वतःही दुर्बिणीला डोळा लावला, आणि धूमकेतूच नव्हे तर तेजोमेघ, तारकागुच्छही शोधले. हे सांगताना बाईंचा आवाज जरा बदलला. का बदलला ते मावशीला बऱ्याच वर्षांनी कळलं.

बाईंचाही एक तारकागुच्छ होता. एका प्लेटेच्या कोपऱ्यात पंधरा-वीस फिकट ताऱ्यांचा घोळका त्यांना दिसला होता. त्यांनी मागच्या बाजूला शाईने वर्तुळ काढलं, खाली तारीख घातली, सही केली. त्यांच्या साहेबांनी तो घोळका तीन वर्षांनी पाहिला आणि छापला. साहेबांनी चोरला असं बाई कधी म्हणाल्या नाहीत. "त्यांना तो आपला आपण दिसला असेल," एवढंच म्हणायच्या. पण पुस्तकात नाव साहेबांचं. बाईंच्या वह्या छत गळलं त्या साली भिजून गेल्या. पुरावा उरला तो काचेवरचा. आता बाई चौऱ्याऐंशीच्या झाल्या होत्या, आणि एवढ्या वर्षांनी शोध कुणाचा हे ठरवायला एकदाची तीन जणांची समिती प्लेट पाहायला येणार होती.

नेमकं त्याच महिन्यात सगळ्या प्लेटा कॉम्प्युटरवर उतरवायचं काम निघालं. त्यासाठी मागच्या बाजूची शाई पुसावी लागे. आधी फोटोग्राफर खुणांचा फोटो घेई, मग मावशी स्पिरिटने काच लख्ख करी. दाराकडच्या रॅकमध्ये फोटो झालेल्या प्लेटा, भिंतीकडच्या रॅकमध्ये राहिलेल्या. समिती यायची त्या दिवशी दुपारी फोटोग्राफरने दिव्याची वायर पुरेना म्हणून दोन्ही रॅक ढकलून त्यांची अदलाबदल केली आणि सांगायचं विसरून चहाला गेला. प्लेटांच्या नंबरांची यादी टेबलावरच होती. मावशीने ती पाहिली नाही. एकोणतीस वर्षांच्या हाताला यादी कशाला लागते? बाईंचं वर्तुळ तिने ओळखलंसुद्धा. फोटो झालाय या समजुतीत तिने ते जरा मायेनेच पुसलं.

"मावशी, बाईंची प्लेट कुठाय? पाहुणे आलेत, फोटो घ्यायचा राहिलाय अजून," फोटोग्राफर आत येत म्हणाला, आणि मावशीच्या पायाखालची जमीन सरकली.

दुसरी कुणी असती तर रॅकवर ढकलून मोकळी झाली असती. मावशी प्लेट घेऊन सरळ वर गेली, फोटोग्राफर तिच्या मागोमाग. समिती बसली होती, संचालक बसले होते, बाई काठीवर हात ठेवून बसल्या होत्या.

"बाई, मी पुसलं," ती म्हणाली. "तुमचं वर्तुळ माझ्या हाताने पुसलं गेलं."

बाईंनी फक्त डोळे मिटले. त्या ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं, असं मावशीला वाटलं. डोळ्यांत पाणी आलं, समोरचं दिसेना, म्हणून तिने चष्मा काढला आणि सवयीने त्यावर हाः केलं. आणि तशीच थांबली. नातीने आरशावर साबणाने काढलेली मांजर! पुसून चार दिवस झाले, तरी आंघोळीची वाफ धरली की मांजर हजर.

तळघरातून आलेली काच अजून गार होती. मावशीने ती तोंडाशी धरली आणि छातीभर श्वास सोडला.

काच धूसर झाली आणि त्या धुक्यात शाई होती तेवढी जागा वेगळी उठून आली. वर्तुळ. तारीख. सही. दोन-तीन सेकंद, आणि गेलं.

"पुन्हा!" फोटोग्राफर ओरडला. कॅमेरा आणायला तो जिना तीन-तीन पायऱ्यांनी उतरला. मावशीने सहा वेळा वाफ दिली, चक्कर येईपर्यंत. सहाव्या फोटोत तारखेचा आकडा न् आकडा आला. समितीतल्या सर्वांत खडूस गृहस्थांनी भिंग लावून तो दोनदा वाचला, बाईंच्या जुन्या पत्रांवरच्या सहीशी सही ताडून पाहिली आणि म्हणाले, "प्रश्नच नाही. शोध यांचाच." मावशीचा जीव भांड्यात पडला. ती तिथेच, संचालकांच्या समोर, फरशीवर बसली.

बाईंनी प्लेट मागून घेतली. काचेवर स्वतः एक श्वास सोडला, आणि आपलं त्रेचाळीस वर्षांपूर्वीचं अक्षर विरेपर्यंत बघत राहिल्या. मग फरशीवरच्या मावशीकडे वळून म्हणाल्या,

"सांगितलं होतं की नाही पहिल्याच दिवशी? तुझ्या फडक्याने नाही जायची."