उतरा मंडळी, पूल आलाय

हमीदभाई गेल्याचं त्यांचा मुलगा सलीम यानं फोनवर कळवलं. "मास्तर, अब्बा सकाळी गेले. चहा ठेव म्हनले, आन् चहा व्हईपत्तुर..." मी रिसीव्हर ठेवला आणि कानात त्यांची जुनी हाक आली, "उतरा मंडळी, पूल आलाय." दुपारी भोरला जाऊन मूठभर माती देऊन आलो. त्याला आता दीड महिना होईल.

भोर-हिर्डोशी एसटीवर ते वर्षानुवर्षं कंडक्टर होते आणि मी त्याच वाटेवरच्या एका वाडीत शाळामास्तर. वाडीच्या अलीकडं एक जुना दगडी पूल होता. त्याच्या मधल्या खांबाचे दगड दर पावसाळ्यात थोडे थोडे निसटत चालले होते. हमीदभाई पुलाआधी घंटी मारून गाडी थांबवत, सगळ्यांना खाली उतरवत आणि चालत पलीकडं नेत. मग त्यांनी शिट्टी वाजवली की ड्रायव्हर मारुतीराव रिकामी गाडी हळूहळू पुढं आणत. लोक कुरकुरत. मी तर पहिल्या वर्षी इस्त्रीचा सदरा भिजला म्हणून चांगलाच भांडलो होतो. नाचणीचं पोतं घेतलेल्या एखाद्या म्हातारीनं गुडघ्यांचं गाऱ्हाणं मांडलं की पोतं ते स्वतःच्या खांद्यावर घेत. "चला मावशी, पोतं माज्याकडं, गुडघं तुमच्याकडं." म्हातारी हसत हसत पूल ओलांडे.

बांधकाम खात्याला आम्ही दोघांनी मिळून अर्ज केले. अक्षर माझं, चिकाटी त्यांची. दर वेळी एकच उत्तर येई, पूल वाहतुकीस सुरक्षित आहे. शेवटी ते मुंबईला हायकोर्टात गेले. एका वकीलबाईंनी त्यांची याचिका चालवायला घेतली. सरकारनं तिथंही शपथेवर तेच सांगितलं, तेव्हा कोर्टानं एका बाहेरच्या इंजिनिअरला पूल पाहून अहवाल द्यायला सांगितलं. हमीदभाईंची ड्युटी तेव्हा काही दिवस वेल्ह्याच्या गाडीवर होती, त्यामुळं निरोप माझ्याकडं आला. शिमग्यानंतरच्या गुरुवारी कोर्टाचे साहेब येणार होते.

आणि आम्ही काय केलं? मोठा माणूस गावात येणार म्हटल्यावर करतो तेच. कठड्याला चुना फासला, भेगा सिमेंटनं बुजवल्या, खांबातल्या पोकळीत दगड बसवून वरून गिलावा केला, दोन्ही टोकांना केळीचे खुंट बांधले. पुढाकार माझा. दोन दिवस शाळा बंद ठेवली आणि वर त्याचा अभिमानही बाळगला. साहेबांनी नारळ घेतला, वरवर पूल पाहिला, चहाला छान म्हणाले. त्यांच्याबरोबर आलेले हमीदभाई त्या पांढऱ्याशुभ्र खांबाकडं बघतच राहिले. साहेबांची जीप गेल्यावर एवढंच म्हणाले, "मास्तर, तुमी पावण्याला घर दावलंत. मला दुखनं दावायचं हुतं."

अहवाल आला, स्थिती समाधानकारक. भेगा आदल्या दिवशी बुजवल्या होत्या असं बुजवणाऱ्यानंच शपथेवर लिहून दिलं तर कोर्ट पुन्हा बघेल, असं वकीलबाईंचं म्हणणं पडलं. हमीदभाई तसा कागद टाइप करून माझ्या दारात आले. मी सरकारी नोकर. चौकशी लागेल, कुठंतरी लांब बदली होईल... मी घाबरलो, दुसरं काही नाही. "दिवाळीनंतर बघू," म्हणालो.

"बगा. पर आदी पावसाळा येतोय, मास्तर."

श्रावणात पूल गेला. हमीदभाई परत आमच्या गाडीवर आले होते. प्रवासी सगळेच्या सगळे चालत पलीकडं पोचले होते. हमीदभाईंनी शिट्टी वाजवली, मारुतीराव रिकामी गाडी घेऊन निघाले आणि मधला खांब बसला. मारुतीराव तिसऱ्या दिवशी नदीत खाली झाडांत अडकलेले सापडले.

मग कोर्टानं सरकारला खडसावलं. पूल सुरक्षित आहे असं नुसतं कागदावर लिहून जबाबदारी सुटत नाही, पावसाळ्याआधी आणि नंतर तपासणी करा आणि अहवाल द्या, असा हुकूम झाला. नवा पूल झाला. हमीदभाईंनी मात्र शिट्टी पुन्हा तोंडाला लावली नाही. निवृत्तीनंतर दर जूनमध्ये ते भोरच्या कचेरीत जाऊन अहवाल गेला का, एवढं विचारून येत आणि मग एसटीनं माझ्याकडं चहाला येत. त्या कागदाचा विषय त्यांनी कधी काढला नाही. माफी मागायचं मी दर जूनमध्ये ठरवी, आणि चहा संपून जाई.

चाळिसाव्याला त्यांच्या घरी गेलो. सलीमनं केसची फाइल पुढं ठेवली. "ही मास्तरांकडं द्यायची, असं अब्बा म्हनून ठेवलेत." कोर्टाच्या हुकुमाच्याही वर माझा तो कागद होता. सही कुठं करायची ते कळावं म्हणून त्यांनी पेन्सिलीनं केलेली फुली अजून दिसत होती. मी खिशातलं पेन काढलं आणि फुलीवर सही केली.

"आता कशाला, मास्तर?" सलीम हळूच म्हणाला.

सहीखाली तारखेची जागा होती. तिथं पेन टेकवून बराच वेळ बसलो... ती जागा काही भरता आली नाही.